“काही होत नाही”: जादू रद्द करणाऱ्या जादूबद्दल

हा भाग रेकॉर्ड करतोय रविवारी सकाळी, कारण काल रात्री आमचा गेम दीडपर्यंत चालला आणि डोक्यात अजून तेच फिरतंय. ज्यांना लोकलमध्ये किंवा ऑफिसात कानात इअरफोन घालता येत नाही, त्यांच्यासाठी नेहमीप्रमाणे हा लिखित भाग. बोललो तसंच ठेवलंय, फक्त “म्हणजे” आणि “अॅक्च्युअली” निम्मे उडवलेत.

नवीन श्रोत्यांसाठी: मी सॉफ्टवेअर इंजिनिअर, बी. टेक. झालेला, दिवसा सर्व्हर सांभाळतो आणि शनिवारी रात्री दहा वाजता डंजन्स अँड ड्रॅगन्स खेळतो. आम्ही पाच जण. हॉस्टेलला असताना एका खोलीत बसून खेळायचो. आता एक नाशिकला, एक बंगळूरला, एक जर्मनीत, मी पुण्यात, त्यामुळे सगळं डिस्कॉर्डवर. पाचवी कोण, ते पुढे येईलच. तिच्यामुळेच आजचा विषय निवडलाय.

विषय आहे जादूची एक शाखा, जिचं काम दुसऱ्यांची जादू रद्द करणं आहे. गेममध्ये तिचं नाव अब्ज्युरेशन. पण नियम समजावून सांगणं एवढाच हेतू नाहीये. या शाखेतल्या एका मंत्रामुळे माझ्या घरातलं एक माणूस माझ्याशी तीन आठवडे बोललं नाही. ते सांगायचंय.

आधी थोडं गेमबद्दल

डंजन्स अँड ड्रॅगन्स १९७४ साली अमेरिकेत आला. गॅरी गायगॅक्स आणि डेव्ह आर्नेसन या दोघांनी तो बनवला. बोर्ड नाही, सोंगट्या असल्याच पाहिजेत असंही नाही. एक जण गोष्ट चालवतो, त्याला डंजन मास्टर म्हणजे डीएम म्हणतात. बाकीचे एकेक पात्र घेतात आणि “मी हे करतो” असं सांगतात. जमेल की नाही ते बऱ्याचदा वीस बाजूंचा फासा ठरवतो. राक्षस, खलनायक, गावचा पाटील, चहावाला, सगळ्यांची भूमिका डीएम करतो. आमच्यात डीएम मी.

या गेममध्ये जादूच्या आठ शाखा आहेत. आग-वीज फेकणारी एक, भास निर्माण करणारी एक, मन वळवणारी एक, मेलेल्यांशी खेळणारी एक, असं करत करत आठ. त्यातली अब्ज्युरेशन ही संरक्षणाची आणि रद्द करण्याची शाखा. मूळ लॅटिन शब्दाचा अर्थ शपथेवर नाकारणं. १९८९ च्या दुसऱ्या आवृत्तीपासून तुम्ही याच शाखेचा खास जादूगार होऊ शकता.

मराठीत याला एक शब्द शोधत होतो. आजी दृष्ट काढायची, मीठ-मोहरी-मिरच्या ओवाळून चुलीत टाकायची, आणि ठसका लागला नाही तर “बघ, केवढी लागली होती” म्हणायची. त्या जगात उतारा आहे, तोडगा आहे, काट आहे. “काट” हा शब्द मला सगळ्यात जवळचा वाटतो. पण एक सांगतो, गेममध्ये हे सगळं फाशांनी होतं. बाहेर कुणी काट करून देतो म्हणून पैसे मागितले, तर ती फसवणूक आहे, आणि महाराष्ट्रात त्यासाठी २०१३ चा कायदा आहे. असो.

दोन बाण हवेत धडकतात

लहानपणी टीव्हीवर महाभारत पाहिलंय ना? रिपीटमध्ये का होईना. इकडून एक बाण निघतो, तिकडून एक, दोघं हवेत समोरासमोर येतात, मोठा उजेड होतो आणि दोन्ही गायब. आग्नेयास्त्र आलं की पाण्याचं अस्त्र सोडायचं. काटेची आपल्याला माहीत असलेली पहिली कल्पना हीच.

डंजन्स अँड ड्रॅगन्सची तिसरी आवृत्ती २००० साली आली. तिच्यातले नियम बरेचसे असेच होते. समोरच्याचा मंत्र काटायचा तर आधी आपली पाळी राखून ठेवायची, “तो काही करायला गेला की मी काटणार” असं जाहीर करून. मग तो मंत्र कोणता हे ओळखायचं. आणि मग तोच मंत्र आपल्याकडेही असला पाहिजे. काही ठिकाणी उलटा मंत्र चालायचा, म्हणजे वेग वाढवणाऱ्यावर वेग कमी करणारा. किंवा सर्वसाधारण रद्द करणारा मंत्र, डिस्पेल मॅजिक, फासा टाकून. थोडक्यात, काटायला अभ्यास लागायचा. आपली पूर्ण पाळी खर्च व्हायची. समोरच्याने काही केलंच नाही तर ती फुकट.

२०१४ साली पाचवी आवृत्ती आली आणि हे एकदम सोपं झालं. काउंटरस्पेल नावाचा मंत्र, तिसऱ्या पातळीचा. साठ फुटांच्या आत कुणी मंत्र म्हणताना दिसला, की तुम्ही लगेच, दुसऱ्याच्या पाळीत, “काउंटर” म्हणायचं. समोरचा मंत्र तिसऱ्या किंवा त्याखालच्या पातळीचा असेल तर फासासुद्धा टाकायचा नाही. संपलं. त्याहून वरचा असेल तर फासा, आणि दहा अधिक त्या मंत्राची पातळी एवढा आकडा गाठायचा.

इथे दोन गोष्टी लक्षात ठेवा, पुढे लागतील. एक, दुसऱ्याच्या पाळीत अशी मध्येच उडी मारायला “रिअॅक्शन” लागते आणि ती एका फेरीत एकदाच मिळते. दोन, ज्याचा मंत्र काटला जातो त्याची पाळी जाते, आणि मंत्रासाठी वापरलेला स्लॉटही जातो. स्लॉट म्हणजे दिवसभराचा जादूचा डेटा पॅक समजा. मोठ्या मंत्रांचे स्लॉट फार कमी असतात.

मी इंजिनिअर असल्यामुळे मला हे सगळं फार आवडायचं. काउंटरस्पेल म्हणजे रिक्वेस्ट सर्व्हरपर्यंत पोचण्याआधीच अडवणं. डिस्पेल मॅजिक म्हणजे जे आधीच चालू आहे ते रोलबॅक करणं. आणि आठव्या पातळीचं अँटिमॅजिक फील्ड म्हणजे सरळ मेन स्विच बंद करणं. तुमच्या भोवती दहा फुटांच्या गोलात जादू चालतच नाही. जादूची तलवार साधी तलवार होते. आलेला मंत्र आत शिरला की दबतो. मजा म्हणजे ज्याने ते लावलं त्याचीसुद्धा जादू बंद. साक्षात देवांचं आणि काही फार जुन्या, फार ताकदवान वस्तूंचं मात्र चालतं. देवाला कुठला फायरवॉल!

या शाखेची गंमत अशी, की काम नीट झालं तर काहीच दिसत नाही. आग फेकणारा आग फेकतो, सगळे “ओ!” करतात. अब्ज्युरर काय करतो? आग लागत नाही. त्याच्या सगळ्यात मोठ्या विजयाचं वर्णन करताना डीएम तीन शब्द म्हणतो: “काही होत नाही.” सर्व्हर सांभाळणाऱ्या लोकांना हे ओळखीचं वाटेल. दिवाळीच्या सेलमध्ये साइट बंद पडली नाही म्हणून कुणी पेढे वाटत नाही.

तर असा मी या शाखेचा फॅन. आता गोष्ट.

सात शनिवार

माझी मावसबहीण. इंजिनिअरिंगच्या तिसऱ्या वर्षाला आहे. गावाचं नाव सांगत नाही, ती ऐकते हा पॉडकास्ट. मला दादा म्हणते. गेल्या वर्षी गणपतीत मावशीकडे गेलो होतो, तेव्हा मी फोनवर फाशांचं अॅप उघडून बसलो होतो. तिने विचारलं, “दादा, हे काय?” मी सांगितलं. तिने विचारलं, “मला घेशील?”

ग्रुपमध्ये सगळे पंचविशी ओलांडलेले, आणि ही वीस वर्षांची, मोजकं बोलणारी. म्हटलं, बघू. पण ती आली. तिने सॉर्सरर घेतली, म्हणजे जन्मतःच जादू असलेली. आमची पात्रं तेव्हा तिसऱ्या लेव्हलवर होती. तिसऱ्या लेव्हलचा सॉर्सरर म्हणजे छोट्या छोट्या ठिणग्या. ती मागे उभी राहायची, ठिणगी टाकायची, “झालं दादा” म्हणायची. बाकीचे तिघे जोक मारत, भांडत, एकमेकांच्या पाळीत बोलत. ती माइक म्यूट करून बसायची.

तिला हवा होता फायरबॉल. तिसऱ्या पातळीचा मंत्र, सॉर्सररला पाचव्या लेव्हलला मिळतो. दीडशे फुटांवरून फेकता येतो, वीस फुटांच्या गोलात स्फोट, सहा बाजूंचे आठ फासे. या गेममधला सगळ्यात प्रसिद्ध मंत्र म्हणा ना. तिने पहिल्याच दिवशी वाचून ठेवला होता. व्हॉट्सअॅपवर विचारायची, “दादा, अजून किती?” पाचवी लेव्हल यायला सात शनिवार लागले.

मग तो शनिवार आला. एका पडक्या किल्ल्यात खलनायक जादूगार, त्याच्याभोवती दहा-बारा सैनिक, सगळे एका घोळक्यात. मी मुद्दाम तसे उभे केले होते, तिच्यासाठी. तिची पाळी आली. अनम्यूट केलं. आवाज वेगळाच होता. म्हणाली, “दादा, मी दोन्ही हात वर करते. आणि... फायरबॉल.” नाशिकवाला ओरडला, “चलाऽऽ!” तिने आठ फासे टाकायला अॅप उघडलं होतं.

आणि मी म्हणालो, “थांब. तो जादूगार हात हलवतो. काउंटरस्पेल. तिसरी पातळी आहे, फासा लागत नाही. काही होत नाही.”

का केलं मी असं? खरं सांगतो, मला मजा आली. खलनायक हुशार वाटला पाहिजे, लढाई अवघड वाटली पाहिजे, हे मी युट्यूबवर शिकलो होतो. आणि नियमात शंभर टक्के बसत होतं. ती चाळीस फुटांवर उभी होती. साठच्या आत.

ती म्हणाली, “ओके दादा.” म्यूट.

तिच्याकडे त्या पातळीचा आणखी एक स्लॉट होता. पण तिची पुढची पाळी येईपर्यंत बाकीच्यांनी जादूगाराला लोळवला होता. सगळे एकमेकांना शाबासकी देत होते. स्क्रीनवर तिच्या नावासमोर माइकवर काट मारलेलं चिन्ह. काट. बघा, शब्द कुठे भेटतो.

पुढच्या शनिवारी मेसेज: “दादा, सबमिशन आहे.” त्याच्या पुढच्या: “डोकं दुखतंय.” त्याच्या पुढच्या शनिवारी मेसेजच नाही.

“घरी पण तेच ना”

मी आधी ग्रुपवर वकिली केली. म्हटलं, नियम आहे, तिला समजायला हवं. जर्मनीवाला मित्र म्हणाला, “अरे, साठ फुटांच्या बाहेर उभं राहायचं, हे तिला कुणी सांगितलं होतं? फायरबॉल दीडशे फुटांवरून जातो. आपल्याला माहीत आहे, कारण आपण दहा वेळा काउंटर खाल्लाय.” खरं होतं. मी डीएम. त्या जादूगाराकडे काय आहे ते मला माहीत होतं, तिला काय माहीत नाही तेही माहीत होतं.

मग तिला फोन केला. इकडचं तिकडचं बोलून शेवटी म्हटलं, “अगं, तू गेममुळे रागावलीस का?”

ती म्हणाली, “रागावले नाही दादा. मला कळतं, नियमात बसतं. पण मी सात आठवडे त्या एका पाळीची वाट बघितली आणि तू एका शब्दात संपवलंस. आणि मला वाटलं, घरी पण तेच ना.”

मी विचारलं, “घरी काय?”

तर ते असं. जानेवारीत तिला बंगळूरच्या एका कंपनीत दोन महिन्यांची इंटर्नशिप मिळत होती. तिने स्वतः शोधलेली, स्वतः टेस्ट दिलेली. मावशी घाबरली. एकटी मुलगी, लांब शहर, राहणार कुठे. काकांनी ठरवलं, आपला पुण्याचा मुलगा त्याच लाइनमधला आहे, त्याला विचारू. मावशीचा फोन मला आला होता. मला तो आठवतोसुद्धा धूसर. मी ऑफिसात होतो, एक डिप्लॉयमेंट अडकलेलं, एक डोळा स्क्रीनवर. मावशी म्हणाली, “अरे, तुला काय वाटतं?” मी म्हणालो, “नको गं मावशी, एवढ्या लांब कशाला. पुण्यात बघू काहीतरी.” वीस सेकंद. फोन ठेवला. आणि पुण्यात मी काहीही बघितलं नाही.

मावशीने घरी सांगितलं, “दादा पण नको म्हणाला.” विषय संपला. काही होत नाही.

त्या कॉलवर मी किती वेळ गप्प होतो माहीत नाही. ती म्हणाली, “हॅलो? दादा? नेट गेलं का?”

नियम बदलणाऱ्यांना काय कळलं

त्या रात्री झोप येईना म्हणून मी २०२४ चं नवीन नियमपुस्तक काढलं. आम्ही अजून २०१४ चेच नियम खेळतो, पण पुस्तक होतं. त्यात काउंटरस्पेल बदललंय.

आता “काउंटर” म्हटलं की आपोआप रद्द होत नाही. ज्याचा मंत्र काटायचा, तो फासा टाकतो. त्याचं शरीर किती खंबीर आहे त्यावर ठरतं की मंत्र टिकला की गेला. म्हणजे ज्याच्यावर “नाही” येतं, त्याच्या हातात निदान एक फासा असतो. आणि मंत्र काटला गेला तरी स्लॉट खर्च होत नाही. पाळी गेली, पण ताकद तुमच्याकडेच राहिली. पुढच्या पाळीत परत प्रयत्न करा.

मी हे आधी वाचलं होतं, आणि तेव्हा मला ते चुकीचं वाटलं होतं. म्हटलं, काउंटरस्पेल कमजोर करून टाकला. त्या रात्री दुसऱ्यांदा वाचलं तेव्हा कळलं की नवीन नियमात “नाही” म्हणण्याची सोय तशीच ठेवलीय, फक्त समोरच्याचं सगळं एका शब्दात जात नाही.

अजून एक मजेशीर बदल त्याच पुस्तकात आहे. जखम बरी करणारा साधा मंत्र, क्युअर वूंड्स, २०१४ मध्ये आग-विजेच्या शाखेत होता. २०२४ मध्ये तो अब्ज्युरेशनमध्ये आलाय. जखम भरणं ही आता काटणाऱ्या शाखेची विद्या.

आणि जुन्या, २०१४ च्या पुस्तकातली एक गोष्ट, जी मी आधी कधी नीट बघितली नव्हती. अब्ज्युररला सुरुवातीला, दुसऱ्या लेव्हलला, स्वतःभोवती एक कवच मिळतं. मार आधी त्या कवचावर बसतो. सहाव्या लेव्हलला ते कवच तीस फुटांतल्या दुसऱ्या कुणावर तरी टाकता येतं. काटण्याच्या फाशात जास्तीचा आकडा मिळतो तो त्यानंतर, दहाव्या लेव्हलला. हा क्रम बघा. आधी स्वतःला वाचवायला शीक, मग दुसऱ्याला वाचवायला शीक, मग नाही म्हणण्यात पटाईत हो. मी तिसऱ्या पायरीपासून सुरुवात केली होती.

ऑफिसातही तेच करतो मी, हे मान्य करतो. ज्युनिअरने तीन दिवस घालवून लिहिलेला कोड येतो, आणि मी खाली एक ओळ लिहितो, “असं नको.” बरोबर असतं माझं, बऱ्याचदा. पण का नको, मग कसं, ते लिहायला जी दहा मिनिटं लागतात, ती मी वाचवतो. कुणाची मिनिटं वाचवतो? माझी.

स्लॉट परत देता येतो, तारीख नाही

दुसऱ्या दिवशी मी तिला दोन गोष्टी सांगितल्या. पहिली, गेममध्ये तुझा तो स्लॉट परत देतो, आणि आपल्या टेबलावर काउंटरस्पेलचा नवा नियम लागू. ती हसली. म्हणाली, “स्लॉट तर झोपून उठल्यावर परत येतोच दादा.” बरोबर. गेममध्ये रात्रभर आराम केला की सगळे स्लॉट भरतात. नियम तिला माझ्याइतकेच पाठ.

दुसरी गोष्ट, मी म्हटलं, मावशीशी बोलतो. इंटर्नशिपचं बघू.

ती म्हणाली, “ती गेली रे. तारीख पंधरा दिवसांपूर्वीच संपली.”

मंडळी, हे मला अजून टोचतं. गेममध्ये मी देव आहे, वेळ मागे नेऊ शकतो, “चला, तो भाग परत खेळू” म्हणू शकतो. इथे डिस्पेल मॅजिक नाही. माझं वीस सेकंदांचं “नको गं” मागे घ्यायला जागाच उरली नव्हती. महाभारतात शेवटी अश्वत्थामा आणि अर्जुन दोघंही ब्रह्मास्त्र सोडतात, आणि मागे घ्या म्हटल्यावर अर्जुनाला ते जमतं, अश्वत्थाम्याला जमत नाही. लहानपणी वाटायचं, मागे घेणं काय अवघड आहे? आता कळतं.

तरी मी मावशीला फोन केला. यावेळी ऑफिसातून नाही, घरून, लॅपटॉप बंद करून. सांगितलं की मागच्या वेळी मी न विचार करता बोललो. मावशी म्हणाली, “अरे, मग तू नको का म्हणालास? तू म्हणालास म्हणून आम्ही...” काय उत्तर देणार? म्हटलं, “चुकलं मावशी.” मग विचारलं, तुला नक्की भीती कशाची आहे. कधी नव्हे ते तिने यादीच सांगितली. राहायचं कुठे, रात्री ऑफिसमधून यायचं कसं, आजारी पडली तर कोण. आमचा बंगळूरवाला मित्र आणि त्याची बायको तिथेच राहतात, हे मी सांगितलं. मावशी लगेच हो म्हणाली का? नाही. म्हणाली, “पुढच्या वेळी आलं तर बघू.” पण “नको” आणि “बघू” यात पुष्कळ अंतर आहे, हे ज्यांच्या घरी मावश्या आहेत त्यांना सांगायला नको.

काल रात्री

आता कालचं. ती परत आली, मधले दोन शनिवार खेळली. काल पुन्हा एक जादूगार होता, जुन्याचा गुरू. मी काउंटरस्पेल काढून टाकलं नव्हतं. ती स्वतःच म्हणाली होती, “काढू नकोस दादा, मग काय मजा?” आणि नवा नियमही तिने नाकारला. म्हणाली, जुन्याच नियमाने खेळू.

नाशिकवाला मित्र आमच्यातला अब्ज्युरर आहे. पहिल्या लढाईत त्याने त्या फेरीतली रिअॅक्शन आधीच ढाल धरायला वापरून टाकली होती, म्हणून तिच्यासाठी काही करू शकला नव्हता. काल दोन सैनिक त्याच्यावर धावून आले. मी विचारलं, “ढाल धरणार?” त्याचं पात्र नेहमी धरतं. तो म्हणाला, “नाही. मार.” पहिला घाव त्याच्या कवचाने झेलला, दुसऱ्याने कवच फुटून त्याला लागलं. मी परत विचारलं, “नक्की?” “मार रे. रिअॅक्शन ठेवलीय.”

मग तिची पाळी. यावेळीही ती पन्नास फुटांवर होती, मुद्दाम. “फायरबॉल.”

मी म्हणालो, “गुरू हात उचलतो. काउंटरस्पेल.”

एक सेकंद शांतता. आणि नाशिकहून आवाज: “त्याच्या काउंटरस्पेलला माझा काउंटरस्पेल.”

नियमाने बसतं. काउंटरस्पेल हाही मंत्रच, तिसऱ्या पातळीचा, त्यामुळे तोही काटता येतो, फासा न टाकता. “नाही”ला “नाही”. गुरूचा हात हवेतच राहिला. तिने आठ फासे टाकले. एकतीस. अर्धी खोली जळाली. जर्मनीतल्या मित्राच्या शेजाऱ्याने भिंत ठोकली म्हणे.

आणि नाशिकवाल्याच्या पाळीचं वर्णन करायचं तर काय होतं? त्याने काही पेटवलं नाही, काही फेकलं नाही. मार खाल्ला, वाट बघितली, आणि योग्य क्षणी एका “नाही”ला अडवलं, म्हणजे दुसऱ्या कुणाची जादू चालावी. मी दहा वर्षं या शाखेचा फॅन आहे. तिचा इतका चांगला उपयोग मी कधी बघितला नव्हता, आणि मी तर तेव्हा समोरच्या बाजूला होतो.

मावशीच्या फोनवर मला तेच करता आलं असतं. घरात “नाही” म्हणणारे पुष्कळ असतात, आणि बऱ्याचदा भीतीपोटी म्हणतात. मला फक्त रिअॅक्शन राखून ठेवायची होती. मी ती एका डिप्लॉयमेंटवर घालवली.

परवा तिचा मेसेज आला. मेमध्ये एक नवी इंटर्नशिप आहे, हैदराबादला. अर्ज केलाय. निकाल यायचाय. मावशीचा फोन मला येणार, हे दोघांनाही माहीत आहे. खाली तिने लिहिलं होतं, “दादा, ढाल धरू नकोस.”

चला, आज एवढंच. तुमच्या टेबलावर, किंवा घरात, कुणी तुमच्यासाठी रिअॅक्शन राखून ठेवली होती का? नक्की कळवा, पुढच्या भागात वाचून दाखवेन. तोपर्यंत खेळत राहा, आणि साठ फुटांच्या बाहेर उभे राहा. भेटू.